समोरच्या खोलीचे नऊ महिने

प्रिय मंदा,

'प्रिय' लिहिलं म्हणून हसू नको. अठ्ठावीस वर्षांच्या संसारात मी तुले एकही चिठ्ठी लिहिली नाही, हे मान्य आहे मले. शाळेत दिवसभर 'महोदय, उपरोक्त विषयान्वये' लिहून हात दुखायचा. घरी तुले काही सांगायचं असलं तर नुसता आवाज दिला की झालं. पॅसेजमधली शिलाई मशीन थांबायची अन् तू विचारायची, "काय म्हणता?" आता तसं विचारणारं कोणी नाही, म्हणून लिहून राह्यलो.

अन् आजच काहून? तर उद्या सकाळच्या एसटीनं मी नागपूरले जाऊन राह्यलो, आपल्या अनूकडे. शनिवारी ती अन् जावईबापू फ्लॅटच्या कर्जावर सह्या करणार आहेत. चाळीस लाख, तीस वर्षं! सह्यांच्या आधी मले पोरीसमोर एक गोष्ट कबूल करायची आहे. पण ती पह्यले तुह्यासमोर कबूल केल्याशिवाय माही जीभ उचलणार नाही.

तू गेली त्याले चार महिने झाले. पह्यले दोन महिने तुह्या बचत गटाच्या बायांनी बैठकच घेतली नाही. तिसऱ्या महिन्याच्या पाच तारखेले गेट वाजलं. पाहतो तर पुढं कौसाबाई, तिच्या मागं शबाना, अन् बाकीच्या साऱ्या. मले वाटलं, पुन्हा भेटायले आल्या. चटया टाकल्या पोर्चमध्ये. तर कौसाबाई म्हणे, "भाऊ, मंदाताईचं रजिस्टर तुमच्या घरी राह्यलं. आमच्यात लिहिनारं कोनी नाही. तुमी शाळंत एवढं लिहिता, आमचंबी लिहून द्या ना."

काय सांगू तुले, छाती फुगली माही! वरिष्ठ लिपिक मी. दारव्ह्यातल्या अर्ध्या मास्तरांचे इन्कम टॅक्सचे फॉर्म मी भरतो. पंधरा बायांच्या गटाचं रजिस्टर म्हणजे माह्या हातचा मळ. तुह्याच पेनानं लिहायले बसलो.

शबानाचं पान आलं. नवऱ्याच्या गॅरेजसाठी तिनं दहा हजार घेतलेले, त्यातले दोन हजार वापस केलेले. व्याज शेकडा दोन. मी ऐटीत लिहिलं, व्याज दोनशे. वाचून दाखवलं.

कौसाबाई माह्याकडं पाहतच राह्यली. जिले सही येत नाही, अंगठा लावते, ती बाई मले विचारते, "भाऊ, दोन हजार मांगच्या बैठकीत वापस केले ना तिनं? मंग त्याचं व्याज काहून लावता? आठ हजाराचं लावा. एकशे साठ होते."

साऱ्या हसल्या. शबानानं ओढणी तोंडाले लावली अन् म्हणे, "जाने दो मावशी, भाऊसाहेब नये है." मी आकडा खोडला. त्या रजिस्टरमधली पह्यली खाडाखोड माही आहे, मंदे. तुही एकही नव्हती.

जाता जाता कौसाबाई बोलली ते मात्र माह्या डोक्यातून गेलं नाही. म्हणे, "मंदाताई आमच्या मागं लागे. कापूस वेचनीचे पैसे हाती आले का पह्यले इथं आनून टाका म्हणे. आज थोडं मुद्दल कमी झालं त त्याचं पुढचं सारं व्याज वाचते म्हणे."

हेच तू मले सांगितलं होतं. शब्दही हेच होते! अन् मी तुले काय म्हणलो होतो?

थांब. आधीपासून सांगतो. तुले सारं माहीत आहे, पण मले एकदा ओळीनं सांगू दे.

घर बांधायले घेतलं तेव्हा बँकेतून बारा लाख काढले, वीस वर्षांसाठी. हप्ता दहा हजार आठशे. मी बँकेत एकच प्रश्न विचारला होता, "हप्ता किती बसते?" पगारात बसते म्हणलं, सही ठोकली. सारे मिळून वापस किती करावे लागतील, हे विचारायचं माह्या मनातच आलं नाही. बाजारात वांगे घेताना दोन रुपयांसाठी बाईशी हुज्जत घालणारा माणूस मी!

तुही एकच मागणी होती. समोरच्या खोलीची खिडकी मोठी ठेवा. पूर्वेकडची. मिस्त्रीजवळ उभी राहून तू हातानं माप दाखवलं होतं, "इथून इथपर्यंत. इथं माही मशीन राहीन. सकाळी उजेडात सुईत दोरा ओवता येते." मिस्त्री म्हणे, एवढी मोठी खिडकी हॉललेही नसते वहिनी. तू ऐकलं नाही. खिडकी झाली तेवढीच मोठी.

अन् तू त्या खिडकीत किती दिवस बसली? एक वर्ष अन् काही महिने. अनूची अकरावीची फी, हप्ता, किराणा, सारं एका पगारात येईना. मग मीच म्हणलो, समोरची खोली भाड्यानं देऊन टाकू. तीन हजार येतात. तू मशीन पॅसेजमध्ये ओढली, स्वयंपाकघर अन् संडासच्या मधात. भरदिवसा ट्यूबलाईट लावून बसायची. "कर्ज फिटलं की ही खोली माही," एवढं बोलली. मी हो म्हणलं. मले हो म्हणायले काय लागत होतं?

भाडेकरूनं पह्यल्याच उन्हाळ्यात त्या खिडकीत कूलर बसवला. अख्खी खिडकी झाकली गेली. तू बाहेरून पाह्यलं अन् घरात येऊन ट्यूबलाईट लावली, हे मले आज आठवून राह्यलं.

मग तिसरं वर्ष. दिग्रसचं तुह्या माहेरचं वावर विकलं अन् तुह्या भावानं, कोणी न मागता, बहिणीचा हिस्सा म्हणून दीड लाख तुह्या हातावर ठेवले. देवमाणूस. तू पिशवी तशीच माह्यासमोर आणून ठेवली अन् म्हणली, "हे आपन कर्जात टाकू. आता टाकले त मुद्दल कमी होते, त्याचं पुढचं सारं व्याज वाचते. दरवर्षी युनिफॉर्मच्या सीझनचे माहे चाळीस हजारही टाकत जाऊ. लवकर सुटू आपन."

अन् मी हसलो. "मंदे, बँक म्हणजे तुमचा बायांचा गट आहे का? अन् कर्ज कमी केलं तर व्याज कमी होते, व्याज कमी झालं तर टॅक्सची सूट जाते. हे तुले नाही समजणार."

तू विचारलं, "सूट किती भेटते?"

"दहा हजार वाचतात वर्षाले!"

"अन् व्याज किती जाते?"

बँकेच्या दाखल्यावर आकडा होता. एक लाख पाच हजार. मी दरवर्षी तो दाखला मिरवत फॉर्मले जोडायचो. व्याजाचा आकडा मोठा म्हणून खूश व्हायचो! एक लाख पाच हजार खिशातून गेले याचं काही नाही, दहा हजार वाचले याचा आनंद. तुह्या प्रश्नाचं उत्तर दिलं असतं तर तिथंच उघडा पडलो असतो. म्हणून मी काय केलं? आवाज चढवला. "उगाच डोकं खाऊ नको." तू उठली अन् पॅसेजमध्ये जाऊन मशीनवर बसली.

तुह्या माहेरच्या त्या दीड लाखाचं मी कंपाउंड घातलं अन् लोखंडी गेट लावलं. गावाले दिसलं पाहिजे ना! अन् गेटवर पाटी. 'दिनकर वानखडे, वरिष्ठ लिपिक.' पैसे तुह्ये, पाटी माही. तुले तेव्हा काही म्हणावंसं नाही वाटलं? दुसरी एखादी बाई असती तर गेट उपटून फेकलं असतं. तू मात्र पाटीवरची धूळ पुसायची. अशी कशी तू, मंदे? भांडली असती तर मी कदाचित ऐकलं असतं. नाही, हे खोटं आहे. नसतं ऐकलं.

युनिफॉर्मच्या पैशाचंही तेच. एका वर्षी गाडी, एका वर्षी टाइल्स, एका वर्षी माह्या पुतण्याच्या लग्नात आहेर, मोठेपणा. तू दर जूनमध्ये पाठ मोडेस्तोवर शाळेचे शर्ट शिवायची अन् मी पैसे कुठं जातील हे ठरवायचो.

दहा वर्षं झाल्यावर बँकेचं ते पत्र आलं, आठवते? व्याजदर वाढले, तरी हप्ता तोच राहील, मुदत मात्र वाढेल. मी खुशीत घरात आलो. "बरं झालं बाप्पा, हप्ता नाही वाढला!" तू तोंडातला दोरा काढून विचारलं, "मुदत किती वाढली?"

"एकवीस महिने."

तू मनातल्या मनात काहीतरी हिशोब केला अन् म्हणली, "म्हणजे पंधराशे ब्लाऊज. अन् वरून बारा."

मी एवढा हसलो, एवढा हसलो! दुसऱ्या दिवशी शाळेत सांगितलं, आमची बायको बँकेचं कर्ज ब्लाऊजमध्ये मोजते. सारा स्टाफ हसला. दीडशे रुपये शिलाईच्या हिशोबानं मी ते गेल्या महिन्यात करून पाह्यलं. एकवीस हप्ते म्हणजे दोन लाख सव्वीस हजार आठशे. भागिले दीडशे. पंधराशे बारा. बरोबर होतं तुह्यं. हसलो त्याचं काय करू आता?

कौसाबाईनं चूक काढली त्याच्या दुसऱ्या दिवशी मी बँकेत गेलो. साडेबारा वर्षांत पह्यल्यांदा पूर्ण उतारा मागितला. काउंटरवरच्या पोरीनं कागद काढून दिले अन् म्हणे, "काका, बसून पाहा." बसायलेच सांगितलं, बरं केलं. बारा लाख घेतले होते. आजपर्यंत भरले सोळा लाख वीस हजार. अन् बाकी किती? सात लाख चव्वेचाळीस हजार! मी तिले म्हणलं, बाई, काहीतरी चुकलं. ती म्हणे, काही चुकलं नाही काका, सुरुवातीचा हप्ता बहुतेक व्याजातच जातो. पह्यल्या महिन्याच्या ओळीवर तिनं बोट ठेवलं. दहा हजार आठशे भरले, त्यातले नऊ हजार व्याज. घराले लागले फक्त अठराशे.

मी सहा वर्षांनी रिटायर होतो. कर्ज संपायले सव्वानऊ वर्षं आहेत. हे मले त्या बाकड्यावर बसल्यावर कळलं.

घरी आलो अन् तुह्या रजिस्टरच्या मागच्या कोऱ्या पानांवर बसलो. तुह्याच पद्धतीनं, एकेक महिना. उरलेल्या मुद्दलावर व्याज, हप्त्यातून ते वजा, राहील ते मुद्दलातून कमी. तिसऱ्या वर्षाच्या शेवटी तुह्ये दीड लाख टाकले. मग दरवर्षी तुह्ये युनिफॉर्मचे चाळीस हजार. तू सांगितलं होतं अगदी तसं. आठ पानं भरली. दोन रविवार लागले. मधात दोनदा बेरीज चुकली, पुन्हा केली.

कर्ज अकरा वर्षं पाच महिन्यांत संपलं.

पानावर शून्य आलं ते पाहत बसलो. मग बोटांवर मोजलं. तू गेली ती बारा वर्षं दोन महिने झाल्यावर. म्हणजे नऊ महिने, मंदे. नऊ महिने तू त्या खिडकीत बसली असती. ट्यूबलाईट न लावता. बाहेर बाजाराले जाणाऱ्या बायांशी बोलत, हाका मारत. जीव वाचला असता असं मी म्हणत नाही. यवतमाळच्या डॉक्टरनं सांगितलं होतं की बीपीचं दुखणं जुनं आहे, कोणाच्या हातात काही नव्हतं. पण नऊ महिने होते ना हातात! ते मी गेटवर टांगले, पाटी करून.

रडलो का? हो, रडलो. लपवून काय करू, पाहायले तू थोडीच आहे.

अन् परवा अनूचा फोन. "बाबा, वीस वर्षांचं घेतलं तर हप्ता चार हजारानं जास्त बसते. तीस वर्षांचं घेतो आम्ही, आरामात जाते. अन् टॅक्समध्ये सूट भेटते ना, तुमीच तर नेहमी सांगायचे."

तुमीच तर! माहेच शब्द, माह्याच पोरीच्या तोंडून. शाळेच्या कॉम्प्युटरवर मी करून पाह्यलं. ते चार हजार वाचवायले ते दोघं सत्तावीस लाख जास्त भरणार आहेत. सत्तावीस लाख! अनूच्या लेकीची सारी शाळा, सारं कॉलेज त्यात होते. अन् त्या फ्लॅटमध्येही कोणती तरी एक खोली असेल, कोणी तरी म्हणेल, कर्ज फिटलं की ही माही.

फोनवर मी काय म्हणलो माहीत आहे? "पाहा बाप्पा, तुमाले पटते तसं करा." भ्यायलो. जावयासमोर कसं सांगू, की सासरा आयुष्यभर दुसऱ्यांचे फॉर्म भरत राह्यला अन् स्वतःच्या घराचा हिशोब त्याले एका अंगठेबहाद्दर बाईनं शिकवला? अन् अनूले कसं सांगू? तिच्यासमोर मी किती वेळा म्हणलो आहे, "तुही आई भोळी आहे, तिले व्यवहारातलं काय समजते." ती तेव्हा तुह्याकडं पाहून हसायची. मीच शिकवलं तिले तसं हसायले.

हे सारं मी काल बैठकीत बोलून गेलो. बायांसमोर! कौसाबाई म्हणे, "भाऊ, पोरीले सांगायले लाज कायची? मंदाताई असती त रजिस्टर उचलून पायी गेली असती नागपूरले." शबाना म्हणे, "पायी कायको, बस है ना."

मग ठरलं. रजिस्टर पिशवीत घातलं आहे. बायांची परवानगी घेतली, पुढच्या पाच तारखेच्या आत आणून देतो म्हणलं.

आणखी एक सांगायचं राह्यलं. भाडेकरूची बदली झाली. महिनाअखेर खोली खाली होते. तू म्हणशील, लगेच दुसरा पाहा अन् भाडं मुद्दलात टाका. हिशोबानं तुह्यंच बरोबर आहे. पण हे एक मी तुह्यं ऐकणार नाही. कूलर निघाला की मशीन त्या खिडकीत ठेवतो. तुह्या बाया पोर्चमध्ये बसायच्या त्या आता तिथं बसतील. भाड्याचे तीन हजार मी माह्या खर्चातून काढीन, गाडी कमी फिरवीन. अन् पगाराचा जो फरक येणार आहे तो आला की गेट-बिट काही नाही, सरळ मुद्दल. पाटी काढून ठेवली आहे मी. गेटवर स्क्रूचे चार भोकं दिसतात. नवी केली तर आधी तुह्यं नाव टाकीन.

तर मंदे, हे वचन घे माह्याकडून. उद्या दुपारी अनूच्या घरी चहा होईल, जावईबापू कागद काढतील. मी त्यांच्यासमोर तुह्यं रजिस्टर उघडीन. शबानाचं पान आधी दाखवीन, माह्या खाडाखोडीसकट. मग मागची आठ पानं, शेवटच्या शून्यापर्यंत. अन् पोरीच्या डोळ्यांत पाहून सांगीन, "अनू, तुही आई भोळी नव्हती. तिले सारं समजत होतं. मले समजत नव्हतं, अन् मी तिले बोलू दिलं नाही." मग त्यांनी वीस वर्षांचं घ्यावं की तीसचं, की लहान घर पाहावं, ते त्यांचं त्यांनी ठरवावं. पण अनू काही विचारत असताना जावईबापूंनी आवाज चढवला, तर मी मधात बोलीन. तुह्यासाठी कोणी बोललं नव्हतं.

तुहा,
दिनकर
(तुह्या गटाचं रजिस्टर लिहिणारा. अजून शिकून राह्यलो.)